व्हायोलिन काढलं तेव्हा

लेकीला पहिला मोठा सिनेमा मिळाला तेव्हा आनंदानं मला दोन दिवस घास गिळवेना. त्याआधी कितीतरी वर्षं ती छोट्या छोट्या फिल्मना संगीत देत होती. मांडीवर कीबोर्ड घेऊन एसटीनं सीमेवरचा कोगनोळी नाका ओलांडायची, कोल्हापूरला जायची. एकदा एका मालिकेत तिचं संगीत वाजलं, तर अख्खी गल्ली आमच्या टीव्हीपुढं. आणि आता हा सिनेमा पूर्ण तिचा! पण त्यातला एक प्रसंग दिग्दर्शकानं दोनदा परत पाठवला होता. त्या दिवशी संध्याकाळपर्यंत जमलं नाही तर काम दुसऱ्याकडं जाणार होतं.

मी चहा घेऊन माडीवर गेले. कॉम्प्युटरवर बिडी कारखाना दिसत होता. मालकाचा माणूस एका बाईच्या बिड्या तपासत होता, खराब म्हणून एकेक बाजूला टाकत होता; टाकलेल्या बिडीची मजुरी मिळत नाही. मागं व्हायोलिन रडत होतं.

चौथीनंतर शाळा सुटली आणि मी निपाणीत बिड्याच वळल्या. चारचौघांत माझं तोंड उघडत नाही. पण लेकीपुढं बोलून गेले, "हे वाजवायचं बंद कर गं."

"आई, दोन दिवस घातलेत त्याच्यात! वाईट वाजलंय व्हय?"

"लई चांगलं वाजलंय. पण तो माणूस बिड्या बघाय लागला की कुणी खोकत बी न्हाय. पडणाऱ्या बिड्यांचा तेवढा आवाज."

"मग वाजवू कवा?"

"ती बाई दाराबाहेर पडल्यावर. तवा बायका बोलाय लागत्यात."

"आता तूच दिग्दर्शक हो," असं म्हणत तिनं तोंड वाकडं केलं, पण व्हायोलिन काढलं. मग दोघींनी प्रसंग पुन्हा बघितला. टप, टप. मी तेव्हासारखीच पडलेल्या बिड्या मोजायला लागले. लेकीनं माझा हात घट्ट धरला. बाई दाराबाहेर पडली तशी मागून हळूच सूर आला.

तिनं पाठवून दिलं आणि मी खाली पळाले. भाजी चिरायला घेतली, पण सगळं लक्ष वर. अर्ध्या तासानं ती जिना उतरत ओरडली, "आवडलं! आई, ठेवलं त्यांनी!" फोन चालूच होता. "आईनंच सुचवलं," असं त्यांना सांगून तिनं तो माझ्या कानाला लावला.

"मावशी, बाकीचा सिनेमाबी बघा की," दिग्दर्शक म्हणाले.

मला "व्हय" एवढंच बोलता आलं. भाजी तशीच टाकली आणि लेकीच्या आधी माडीवर पोचले.