आत्यांची एकादशी आणि रताळ्याच्या काड्या

आत्यांची एकादशी मी बाटवली होती.

आत्या म्हणजे माझ्या सासूबाई. आज पहाटे कळंबच्या घरी वारल्या.

नव्वदचं दशक संपत आलं होतं. लग्नाला चार महिने झाले होते. एम.ए. मराठी झालेली सून स्वयंपाकघरात फक्त पाणी भरायची. उपासाच्या पदार्थांना तर आत्या हातही लावू देत नसत.

त्या एकादशीला मी हट्ट धरला. माहेरून आणलेला गोल अ‍ॅल्युमिनियमचा ओव्हन काढला.

रताळ्यांच्या बोटभर काड्या चिरल्या. पाण्यात ठेवल्या, पुसून कोरड्या केल्या. शेंगदाण्याचं तेल, मीठ, जिरेपूड.
फळीवरच्या बरणीतलं लाल तिखट.

लाईट दोनला जायची. साडेबारालाच ओव्हन लावला.

मामा, म्हणजे सासरे, सारखे झाकणाच्या काचेतून बघून जायचे.
"सरपण वाळवाया ठिवलंय का?"

कडा तांबूस झाल्या. आत्यांना ताटली दिली आणि दारातच उभी राहिले.

त्यांनी एक काडी खाल्ली. थांबल्या. माझ्याकडे बघितलं.
मग सगळी ताटली संपवली.
"मीठ कमी हाय."

मामांनी तीनदा मागून घेतल्या. "एकादशी अशी पायजे राव!"

दुसऱ्या दिवशी उपास सोडायला सगळे बसले. आत्या नुसत्या वाढत होत्या.

"तुम्ही?"

मामाच बोलले. "तिचा उपास आज हाय. काल तू कांदा-लसूण चारलास ना."

बरणीत नुसतं तिखट नव्हतं. घरचा मसाला होता. कांदा, लसूण, खोबरं, धने. आमच्याकडे पुण्यात लाल म्हणजे तिखट, एवढंच मला ठाऊक.

मला रडू फुटलं.
"आत्या, तुम्हाला कळलं नाही?"
"मसाला माझा. मला न्हाई कळणार?"
"मग खाल्लंत कशाला?"
"थुकले असते, तर परत चुलीकडं आली असतीस व्हय?"

मग मामांकडे वळल्या. "आन् तुमाला बी कळलं व्हतं. तीनदा घेतलं!"
"म्हनलं, पोरीचं मन कशाला मोडा."

आत्यांनी त्यांचं ताट उचललं.
"तुमचा बी उपास आजच."

पुढच्या एकादशीला त्यांनी नुसत्या मिरच्या कुटून माझ्या हातात दिल्या आणि ओसरीवर जाऊन बसल्या. एकदाही आत डोकावल्या नाहीत.

ते किती अवघड असतं, हे मला सून आल्यावर कळलं.

आत्या, नमस्कार करते.
सावकाश जा.