साक्षीदार सापडला

मंडळी, शुक्रवारी आमच्या घरी जमून आपण तो ब्रिटिश डिटेक्टिव्ह पिक्चर पाहिला ना, सत्तर वर्षं जुना, नाटकावरून केलेला? शेवटी तो सगळ्यांना एका दिवाणखान्यात बसवून प्रश्न विचारतो, तेव्हा "असं खरंच कुठे होतं का!" म्हणत किती हसलो आपण.

होतं. आज आमच्या ऑफिसात झालं.

आमच्या वर्ल्ड कपच्या स्टेडियमच्या बांधकाम साइटवर गेल्या आठवड्यात भर दुपारी, इथल्या कायद्याने उन्हामुळे काम बंद ठेवायच्या वेळेत, एक कामगार काम करताना कोसळला. कुणीतरी फोटो काढला आणि तो फोटो कंपनीबाहेर गेला. आज मॅनेजरने आम्हा अकरा जणांना मीटिंग रूममध्ये बसवलं. फोटो काढला तेव्हा, म्हणजे साडेबाराला, कोण कुठे होतं, ते एकेकाने सांगायचं.

मग त्याने तो फोटो भिंतीवर मोठा करून दाखवला. कोपऱ्यात आमच्या खिडकीची चौकट आली होती. तेवढ्यावरून त्याने फोटो कुठल्या टेबलावरून घेतला ते शोधून काढलं. माझ्या शेजारी बसणारा प्रसाद, आपल्याच नाशिकचा, उभा राहिला. "खलास," म्हणत मॅनेजरने त्याचं ओळखपत्र काढून घेतलं.

भिंतीवर तो पडलेला माणूस आमच्यापेक्षाही मोठा दिसत होता. आम्ही सगळे कोपऱ्यातली चौकट बघत होतो. तो जगला का, हे कुणीच विचारलं नाही. मीही नाही.

पिक्चरमध्ये निदान खुनी शोधत होते. आम्ही साक्षीदार शोधला.

तुम्ही विचारलं असतंत? शुक्रवारसारखं हसू नका, खरं सांगा.