भैरोबाच्या वाटेवरचा दंडवत

देव आहे की नाही यावर मी कधी वाद घातला नाही, पण त्या सकाळी मी त्याच्यावर मनापासून चिडले होते. माझी लेक मनीषा सांगलीच्या दवाखान्यात बेशुद्ध होती. बाळंतपणात तिचं फार रक्त गेलं. बाळ सुखरूप होतं, पण तिचा श्वास मशीनवर चालला होता. तिच्याजवळ एकालाच थांबू देत, म्हणून जावई थांबले आणि धाकटी जाऊ मला कोरेगावजवळच्या आमच्या गावी घेऊन आली. वाटेतच तिनं जाहीर केलं, "आक्का, मी भैरोबाला बोललीया. तुमी येशीपासनं देवळापतूर दंडवत घालणार हायसा." नवस हिचा आणि अंग माझं! पण नाही म्हणायचंही त्राण माझ्यात नव्हतं.

जन्मभर मी शाळेत मराठी शिकवलं. दंड म्हणजे काठी, वत् म्हणजे सारखं. काठीसारखं जमिनीवर सरळ पडून केलेलं वंदन तो दंडवत, असं मुलांकडून घोकून घेतलं. स्वतः मात्र देव्हाऱ्यापुढे हात जोडण्यापलीकडे कधी गेले नाही. आता ओलेत्यानं वेशीपासून निघाले. पालथं पडायचं, हात पुढे ताणायचे, बोटं पोचतील तिथं जावेनं काठीनं रेघ ओढायची. उठून त्या रेघेवर पाय ठेवायचा की पुन्हा पालथं. प्रत्येक वेळी मी देवाशी हुज्जत घालत होते. लेकरानं अजून आई पाहिली नाही रे, तिनं कुणाचं काय वाकडं केलंय? न्यायचंच तर मला ने!

निम्म्या वाटेत मी पालथी असतानाच जावेच्या कमरेला खोचलेला माझा फोन वाजला. जावयांचाच असणार. उठायला गेले, तर हातापायांत जोरच नाही. जाऊ नुसतं "व्हय, व्हय" म्हणत होती. आणि तेव्हा, का कोण जाणे, माझी हुज्जत संपली. गाल मातीला टेकला. तुझंच लेकरू आहे, तू बघ, एवढंच मनात आलं आणि मी पडून राहिले. बातमी अजून कळली नव्हती, तरी कितीतरी दिवसांनी मला शांत वाटलं.

"आक्का, आवं उठा की! मनी सुदीवर आली! मशीन काढलं. बाळ कुणावानी दिसतंय, इचारती!" जाऊ रडत होती आणि हसतही होती. भर रस्त्यात तिच्या गळ्यात पडून मी हंबरडा फोडला. छातीवरचा धोंडा उतरला.

डॉक्टरांनी जिवाचं रान केलं, अनोळखी माणसांनी रक्त दिलं. त्यांच्या हातांमागे कोण होतं, यावर मी कुणाशी भांडणार नाही. मी फक्त ऋणी आहे.

"चला, सांगलीची एसटी गाठू," जाऊ डोळे पुसत म्हणाली.

"थांब गं, देऊळ राहिलंय."

मी रेघेवर पाय ठेवला. आता मागायचं काहीच उरलं नव्हतं. जन्मातला पहिला दंडवत मी तेव्हा घातला.