धामणीच्या पाठीवरची नक्षी

विज्ञानाची आणि निसर्गाची व्यंगचित्रं काढण्यात माझं आयुष्य गेलं. परंड्याजवळच्या एका गावात चित्रकलेचा मास्तर म्हणून लागलो तेव्हा असलाही धंदा असतो असं कोणी म्हटलं असतं, तर मी त्यालाच वेड्यात काढलं असतं. आता सत्कार करणारे माइकवरून सांगतात, सरांच्या चित्रातल्या किड्याचे पायसुद्धा मोजून घ्यावेत. टाळ्या पडतात. मी शाल सावरत खाली बघतो. लोकांना तो विनय वाटतो, आणि मला स्वतःची चीड येते.

बहात्तरचा दुष्काळ सरला, रानं पुन्हा हिरवी झाली आणि ज्वारीच्या मागोमाग उंदीर आले. कणगीत उंदीर, अंथरुणात उंदीर, सोसायटीच्या गोदामात तर त्यांचंच राज्य. सोसायटीचे चेअरमन एकदा शाळेत आले आणि म्हणाले, "मास्तर, लोक धामण दिसली की ठेचत्यात आन् मग उंदरांच्या नावानं बोंबलत्यात. एक झकास चित्र काढा. भिंतीभिंतीला लावू."

आमच्याकडं धामणीवर मोठा आळ होता. ती म्हशीच्या पायांना वेटोळं घालून दूध पिते, अशी सगळ्यांची खात्री होती. कोणी पाहिलेलं नव्हतं, पण प्रत्येकाच्या चुलत्यानं पाहिलेलं होतं. मी जीव ओतून चित्र काढलं. धामणीला पटका बांधला, पिळदार मिशा दिल्या. सापाला काख नसते, तरी तिच्या काखेत काठी दिली. समोर घाबरलेला उंदीर, मागं धान्याची पोती, आणि खाली मोठ्या अक्षरात: मी तुमची राखणदार, मला मारू नका.

ते घेऊन बार्शीला छापखान्यात गेलो. रंग एकच परवडत होता, काळा. छापखानेवाल्यानं चित्र उलटसुलट करून पाहिलं. "मास्तर, सगळा साप काळा भरला तर नुसता पट्टा दिसतोय बघा. आन् मोकळा सोडला तर गांडूळ. पाठीवर कायतरी नक्षी टाका की."

मी तिथंच स्टुलावर बसलो आणि ब्रशनं तिच्या पाठीवर मोठमोठे लांबट गोल काढले, एकाला एक जोडून, डोक्यापासून शेपटीपर्यंत साखळी. चित्र एकदम उठून दिसायला लागलं. धामणीच्या अंगावर अशी साखळी नसते हे मला ठाऊक होतं. ती कोणाच्या अंगावर असते, हेही ठाऊक होतं. पण मिशा चालतात तर नक्षीनं काय बिघडतंय, असा मी विचार केला. मिशांवर कोणी विश्वास ठेवणार नव्हतं आणि नक्षीवर ठेवणार होतं, एवढं साधं माझ्या डोक्यात आलं नाही. छापखानेवाल्यानं चहा मागवला आणि मी खुशीत प्यायलो.

चित्र गाजलं. गोदामात, चावडीवर, परंड्याच्या स्टँडवर, जिकडंतिकडं मिशावाली धामण. पोरं मला सापवाले मास्तर म्हणायला लागली. मी वरवर रागवायचो आणि आतून फुगायचो.

गोदामात एक हमाल होते. वयानं माझ्याहून बरेच मोठे, सगळं गाव त्यांना मामा म्हणायचं. हातातला लोखंडी आकडा पोत्यात अडकवून ते एका झटक्यात पोतं पाठीवर घेत. वाचता येत नव्हतं, म्हणून चित्राखालची ओळ त्यांनी माझ्याकडून वाचून घेऊन पाठ केली होती.

एका सकाळी खताची पोती हलवताना मागं जाडजूड साप निघाला. बाकीच्यांनी काठ्या उचलल्या. मामा आडवे झाले. "मारू नगा, ही मास्तरची राखणदार हाय," म्हणाले, आणि सापाला बाजूला सारायला त्यांनी उजवा हात पुढं केला. ती घोणस होती.

चेअरमननी जीप दिली म्हणून मामा बार्शीच्या दवाखान्यात वेळेत पोचले आणि वाचले. हात मात्र खांद्यापर्यंत सुजून काळानिळा पडला आणि शेवटी डॉक्टरांना बोटं काढावी लागली. आकडा ज्या हातात धरायचे, त्याच हाताची.

गावात मला कोणी बोल लावला नाही. "तुमचा काय दोस, मास्तर? त्यानं हात कशाला घालायचा?" असंच सगळे म्हणाले. मला ते ऐकायला बरं वाटलं, ही सगळ्यात वाईट गोष्ट. काही दिवस मी तेच स्वतःला सांगत राहिलो. एकीकडं ओल्या पोत्यानं भिंतींवरची चित्रं घासून काढत होतो. खळ चांगली घट्ट होती. पटका निघायचा, मिशा निघायच्या, आणि ती साखळी भिंतीला चिकटून राहायची.

मग दवाखान्यात गेलो. मामा खाटेवर बसले होते, हाताला कोपरापर्यंत पांढरं बँडेज. खाली त्यांची बायको बसली होती. मला बघून ती उठली आणि म्हणाली, "मास्तर, चा आणू का?" ती गेली आणि तिच्या पदराच्या गाठीतल्या पैशाचा चहा माझ्यासाठी घेऊन आली. तो कप हातात घेताना मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

मामांनी मला जवळ बोलावलं. "ह्ये समदे म्हंत्यात, घोणस हुती. म्या म्हनलं, मास्तरला इचारल्याबिगर म्या काय मानायचा न्हाय. तुमी सांगा."

"घोणसच होती, मामा," मी म्हणालो. "माझं चित्र चुकलं. धामणीच्या पाठीवर तसली नक्षी नसते. मी ती उगीच काढली. तुमचा हात माझ्यामुळं गेला."

मला वाटलं, आता शिवी येईल. ती यावी असं फार वाटत होतं. त्यांनी डावा हात उचलला आणि माझ्या गुडघ्यावर ठेवला. माझी समजूत काढायला लागले.

"न्हाय मास्तर, असं मनाला लावून घिऊ नगा. चित्र तुमचं लई बराबर हुतं. म्या जवळून बगितला ना त्यो साप. हुबेहूब तसाच हुता."