अण्णा स्वतः सांगायला गेले

अण्णा गेल्याची तार आली तेव्हा मी शाळेत भूगोल शिकवत होते. मुख्याध्यापिकांनी बाहेर बोलावून कागद हातात दिला. माझे थोरले भाऊ अण्णा, नौदलातले कमांडर माधवराव, कोचीनला हृदयविकारानं गेले होते. घरी येऊन अम्माला सांगितलं. ती रडली नाही. "जाऊन येतों म्हणूनच गेला की गे तो," एवढंच म्हणाली आणि भिंतीकडे तोंड करून निजली.

तंजावरच्या दरबारात लेखणी चालवणाऱ्या घराण्यातला मुलगा समुद्रावर गेला, याचंच आमच्या कुंभकोणात अप्रूप. स्वातंत्र्यानंतर नौदलाची स्वतःची विमानं असावीत असं ठरलं, तेव्हा अण्णा इंग्लंडला जाऊन विमान उडवायला शिकले. त्या तुकडीत वयानं तेच मोठे. परतल्यावर कोचीनला त्यांनी तरुण वैमानिक घडवले, पुढे त्या सगळ्यांची जबाबदारी त्यांच्यावर आली. विमानवाहू जहाज येणार, त्याच्या डेकवर आपली मुलं उतरणार, हे सांगताना त्यांचा आवाज बदलायचा. ते जहाज अजून विलायतेत तयार होतंय... अण्णांना ते दिसायचं नव्हतं.

त्यांच्या हाताखालच्या वैमानिकांपैकी एक जवळच्या पापनाशम्‌चा होता, वैद्यलिंगम् नावाच्या शेतकऱ्याचा एकुलता एक. समुद्रावरच्या सरावातून त्याचं विमान परतलं नाही. शोधूनही काही सापडलं नाही. अशा वेळी घरी तार जाते. अण्णांनी ती थांबवली आणि स्वतः आगगाडीनं आले. "तूही चल सीते, मुलाची आई असेल घरात," म्हणाले. पापनाशम्‌ला म्हातारे वैद्यलिंगम् अंगणात भात वाळवत होते. अण्णांनी टोपी काढली आणि तमिळमध्ये म्हणाले, "तुमच्या मुलाला मीच पाठवलं होतं. तो परत आला नाही." म्हाताऱ्यांनी विचारलं, "त्याला फार दुखलं असेल का?"

"मला ठाऊक नाही," अण्णा म्हणाले.

परतताना मी चिडले. 'नाही दुखलं' म्हणायला काय गेलं असतं? अण्णा खिडकीबाहेर बघत होते. "एक खोटं सांगितलं, तर माझं दुसरं काही ते खरं धरतील का?" त्यानंतर दर रजेत ते पापनाशम्‌ला जात. तिथं काय बोलत, कधी सांगितलं नाही.

अण्णांचा तेरावा झाल्यावर मी तिकडे गेले. मला एकटीला बघूनच वैद्यलिंगम् उठून उभे राहिले. मी सांगितलं. ते खाली बसले.

"तुम्हांला सांगायला कोण आलं?"

"कुणी नाही. तार आली."

त्यांनी खांद्यावर पंचा टाकला, बायकोला आत काही सांगितलं आणि माझ्याबरोबर निघाले.

अम्मा अजून भिंतीकडेच तोंड करून होती, नीट जेवतही नव्हती. म्हातारे तिच्यासमोर जमिनीवर बसले. "अम्मा, तुमचा मुलगा माझ्या घरी येत असे," ते म्हणाले.

अम्मा हळूच वळली. "येऊन काय बोले?"

"काही नाही. नुसता बसे. जेवून जाई."

अम्माच्या डोळ्यांतून पहिल्यांदा पाणी आलं. तिनं पदरानं तोंड पुसलं आणि मला म्हणाली, "सीते, ह्यांना पान वाढ."

आता वैद्यलिंगम् दर शुक्रवारी येतात. दोघं ओसरीवर बसतात, फारसं बोलत नाहीत. मी शाळेतून येते तेव्हा त्यांची जेवणं झालेली असतात, आणि अम्माही जेवलेली असते.