रिनीची कॅसेट

हे मी माझ्या नवऱ्यालासुद्धा सांगितलं नाही, आणि ते जाऊनही आता बरीच वर्षं झाली. मग तुम्हाला का सांगते आहे? माहीत नाही. महिना झाला, एका जागी बसवत नाही — म्हणून असेल.

पुलगावला आमच्या शेजारी रिनी राहायची. मिझोरमची. नवरा लष्कराच्या डेपोत फौजी, मुलगी मावी सहा वर्षांची. गल्लीत व्हीसीआर फक्त आमच्याकडे, म्हणून दर रविवारी दुपारी ती एक कॅसेट घेऊन यायची. तिच्या गावच्या लोकांनी हौसेने काढलेला मिझो सिनेमा — चित्र थरथरायचं, आवाज ओठांच्या मागून यायचा. मला एक शब्द कळत नसे. पण त्यात रिनीची धाकटी बहीण होती. टेकडीवर उभी राहून गायची. सिनेमानंतर वर्षभरात ती वारली. ती दिसली की रिनी सरसावून बसायची.

एकदा ती कॅसेट आमच्याकडेच राहिली. त्याच आठवड्यात माझं भजनी मंडळ टीव्हीवर येणार होतं. घरात कोरी कॅसेट नव्हती. बाजारात मिळाली नसती का? मिळाली असती. मी गेले नाही.

चुकून झालं म्हणावं — तर तेही खोटं. कॅसेटवर दुसरं काही भरलं जाऊ नये म्हणून रिनीने तिच्या मागची छोटी पट्टी मोडून ठेवली होती. तिथे पडलेल्या खाचेवर मी सेलोटेप चिकटवली. नीट, बोटाने दाबून. मग रेकॉर्डचं बटण दाबलं. माझा चेहरा किती वेळा दिसला? दोनदा. तोही बाजूने.

रविवारी रिनी दारात. "दीदी, मेरा कैसेट?"

"वो तो मावी के हाथ भेज दिया था," मी म्हटलं.

मावीचं नाव कुठून आलं तोंडात? आलं, एवढं खरं. आतून हे म्हणाले, "काऊन, पोरीनं हरवली का तिची कॅसेट?" मी मान हलवली — हो. रिनीने माझ्याच दारात मावीला मारलं. मावी माझ्याकडे बघत होती. मीही बघत होते — तिच्याकडे नाही, चपलांकडे. संध्याकाळी ती कॅसेट मी बंबात घातली.

पुढे त्यांची बदली झाली. गेल्या महिन्यात अचानक मावीचा फोन आला. ती आता जुने मिझो सिनेमे गोळा करते. लोकांच्या पेट्यांतून बुरशी आलेल्या कॅसेटी काढते, पुसते, इंटरनेटवर टाकते. मावशीचा सिनेमा मात्र कुणाकडेच नाही. आई म्हातारी झाली, अजून विचारते, म्हणाली. तुमच्याकडे चुकून एखादी कॉपी?

मी नाही म्हटलं.

मग ती म्हणाली, "आंटी, वो मुझसे ही गुम हुआ था. कहाँ रखा, आज तक याद नहीं आता."

आता तरी — नाही का? तोंड उघडलंही होतं मी.

"जाने दे बेटा," मी म्हटलं, "बच्ची थी तू."

ती रडली. मला थँक्यू म्हणाली.