अर्जदाराने समक्ष हजर राहावे

"सुटला ना आता माणूस? मग भांडता कशाला, आजी?" वरच्या ऑफिसातले क्लार्क मला विचारत होते.

"सुटला नाही. मुदत संपली म्हणून बाहेर आला. दोन्हींत फरक आहे आणि तो तुम्हाला ठाऊक आहे."

"आवाज खाली ठेवा."

"वर्षभर खालीच होता. ऐकला कुणी?"

या भांडणाचा शेवट शेवटीच सांगते. खालापुरात टेबल टाकून मी पस्तीस वर्षं लोकांचे अर्ज लिहितेय. शाळा चौथीपर्यंत. कायदा शिकले रद्दीतल्या पुस्तकांवरून, आणि त्याची मला लाज नाही, माज आहे. या धंद्यात किस्से साचतच जातात. पण एकाच माणसाच्या एकाच अर्जाचे इतके साचतील, असं वाटलं नव्हतं.

माणूस म्हणजे हरी. कडावच्या वरच्या अंगाला त्याची आदिवासी वाडी. वाडीची पाण्याची वाट एका फार्महाउसच्या कंपाउंडात गेली. हरीने दोनदा तार तोडली, दोन केसेस झाल्या, दोन्हींत जामीन मिळाला. मग वरून हुकूम आला, हरी वर्षभर स्थानबद्ध. शब्द बघा कसा सोवळा! काही केलं म्हणून नव्हे, पुढे करील म्हणून आत. बायको जानकी तेव्हा सात महिन्यांची गरोदर.

*

हा हुकूम निघाला रविवारी.

त्याच्याविरुद्ध हरीचा अर्ज आम्ही त्याच आठवड्यात धाडला. अशा अर्जाचा विचार ताबडतोब करायचा, असं कायदाच सांगतो. पंधरा दिवसांनी फोन केला. "साहेब ट्रेनिंगला गेलेत." महिन्याने केला. "साहेबांची बदली झाली." मग, "नवे साहेब फाइल समजून घेतायत."

मी विचारलं, "आणि त्या रविवारी कोणते साहेब हजर होते हो?"

फोन कट.

*

माणसाला आत का टाकलं, ते त्याला कळेल अशा भाषेत समजावायचं असतं. हरीच्या हातात इंग्रजी कागदांचा गठ्ठा दिला आणि "समजावून सांगितले" असं लिहून त्याचा अंगठा घेतला.

जानकी भेटायला गेली तेव्हा तिने विचारलं, "समजावलं ना रं तुला?"

"हा. दोनशे पानं हायत बोलला. तेवढं समजलं."

*

शेजारी सलीमभाईंचं झेरॉक्सचं दुकान. वरचं ऑफिस दर वेळी म्हणे, अर्ज सापडत नाही, प्रत पाठवा. चौथ्यांदा गेले तेव्हा सलीमभाई म्हणाले, "आजी, कागद राहू द्या. मशीनला आता हरी तोंडपाठ झालाय."

हसलो. मग जानकी बाळंत झाल्याचं त्यांनीच सांगितलं. मुलगी. वाडीतले लोक बारसं करा म्हणत होते. जानकी म्हणाली, "नाव बाप ठेवील. येतोच हाय."

*

सहाव्या महिन्यात पहिलं उत्तर आलं. मी जानकीला वाचून दाखवलं, "अंगठ्याची पडताळणी करावयाची असल्याने अर्जदाराने समक्ष हजर राहावे."

मी कपाळाला हात लावला. जानकीचा चेहरा मात्र उजळला. दुसऱ्या दिवशी ती हरीचा धुतलेला शर्ट आणि ते पत्र घेऊन थेट जेलच्या दारात.

"सायबानं बोलावलाय त्याला. सोडा."

पहारेकऱ्याने पत्र तीनदा वाचलं. भला माणूस. म्हणाला, "ताई, शर्ट द्या, तो पोचवतो. माणूस नाय सोडता येत."

*

मग वरच्या कोर्टात गेलो. फुकटची वकील मिळाली, नेरळची पोरगी, हुशार. पहिल्या तारखेला सरकारी वकिलाने उत्तराला वेळ मागितला. दुसऱ्या तारखेला वेळ मागितला. तिसऱ्या तारखेला आमचा नंबरच लागला नाही.

मी त्या पोरीला म्हटलं, "वेळ मागतो तो बाहेरचा आणि भरतो आतला. असं कसं गं?"

तिने काळा कोट काढून हातावर घेतला आणि माझ्याशेजारी बसून राहिली.

चौथी तारीख पडली ती वर्ष संपल्यानंतरची. हरी बाहेर आलेला होता. आता ठरवायचं काही उरलं नाही, असं ठरलं.

*

तर परवाचं भांडण. वरच्या ऑफिसाने हरीचा अर्ज निकाली काढला होता. कारण, "अर्जदार मुक्त आहे." त्याची पोच द्यायला आम्हाला बोलावलं, म्हणून मी, हरी, जानकी आणि तिच्या कडेवर दहा महिन्यांची ती बिननावाची पोर, असे गेलो. या वेळी अर्जदार समक्ष हजर होता. त्याच्या अंगठ्याकडे कुणी पाहिलंसुद्धा नाही.

मी म्हटलं, पोच देणार नाही. आत टाकलं ते बरोबर की चूक, एवढं एका ओळीत लिहून द्या.

क्लार्क वैतागले. "आजी, उशीर झाला, मान्य. पण शेवटी बिघडलं काय?"

मी तोंड उघडणार, तेवढ्यात जानकी पुढे झाली. तिने पोरीला हरीकडे दिलं. पोरीने त्याच्या तोंडाकडे पाहिलं आणि असा टाहो फोडला की आख्खं ऑफिस वळून बघू लागलं. हरीने घाबरून तिला परत दिली. जानकीच्या खांद्यात तोंड खुपसून ती हुंदके देत राहिली.

जानकीने तिला थोपटलं आणि क्लार्कसाहेबांना शांतपणे म्हणाली, "सायेब, तुमच्याकडं शिक्का हाय, तर ह्यो तुजा बाप हाय म्हणून हिला तेवढं लिहून द्या. आमी सांगतो तर ऐकत नाय."